संकलकाच्या वाटेने

१९३६च्या उन्हाळ्यात ज्याँ रन्वार यांनी मोपासाँच्या एका कथेवर छोटासा चित्रपट करायला घेतला. पॅरिसमधले एक दुकानदार कुटुंब रविवारी नदीकाठी सहलीला येते, मुलीची एका तरुणाशी गाठ पडते आणि ती एक दुपार दोघांच्याही मनात कायमची अडकून राहते, एवढीच गोष्ट. पाऊस थांबेना, ठरलेले दिवस संपले, रन्वार दुसऱ्या चित्रपटाकडे वळले आणि चित्रित झालेली रिळे तशीच पडून राहिली. मग महायुद्ध आले, रन्वार अमेरिकेला गेले. ‘पार्ती द कांपान्य’ लोकांनी पाहिला तो थेट १९४६ साली. तो जुळवला होता मार्गरीत रन्वार यांनी, आणि त्या वेळी दिग्दर्शक अटलांटिकच्या पलीकडे होता. जे प्रसंग चित्रित झालेच नव्हते त्यांची जागा दोन पाट्यांनी भरून काढली गेली. उरलेल्या चाळीस मिनिटांत काहीही अपुरे वाटत नाही. चित्रपटाच्या इतिहासात हा चित्रपट ज्याँ रन्वार यांच्या नावावर आहे आणि तो त्यांचाच आहे, यात वाद नाही. पण कोणता शॉट किती वेळ राहील, मुलीच्या चेहऱ्यावरून नदीवर पडणाऱ्या पावसाकडे केव्हा जायचे, हे ठरवताना टेबलापाशी जी बाई बसली होती तिच्या आयुष्याबद्दल आपल्याला किती थोडे ठाऊक आहे! ‘रन्वार’ हे आडनावही तिने सहवासातून घेतलेले. दोघांचे लग्न कधी झाले नाही. एका अपुऱ्या चित्रपटाला पूर्ण करणारी ही व्यक्ती चित्रपटावरच्या पुस्तकांमध्ये बहुधा एका ओळीची धनी असते. या पुस्तकाचा विषय ती ओळ आहे.

संकलकाची कारकीर्द हा विषय मराठीत स्वतंत्रपणे फारसा कोणी हाती घेतलेला नाही. नटांची चरित्रे आहेत, दिग्दर्शकांची आत्मचरित्रे आहेत, संगीतकारांवर तर ग्रंथच्या ग्रंथ आहेत. संकलक मात्र श्रेयनामावलीत येतो आणि तिथेच राहतो. याचे कारण त्याचे काम कमी महत्त्वाचे आहे असे कोणी म्हणत नाही. उलट ‘चित्रपट टेबलावर घडतो’ असे सगळेच म्हणतात. तरी लिहायला बसले की पंचाईत होते, कारण संकलकाने काय केले हे पाहायचे तर त्याने काय टाकले हेही पाहावे लागते, आणि टाकलेले हाती लागत नाही. जुन्या नायट्रेटच्या फिल्मा चांदी काढण्यासाठी वितळवल्या गेल्या, नको असलेल्या पट्ट्या भंगारात गेल्या. लेखकाच्या खोडाखोडीची हस्तलिखिते उरतात, चित्रकाराची कच्ची रेखाटने उरतात. संकलकाचा खर्डा उरत नाही. म्हणून या पुस्तकाने धरलेला रस्ता मला योग्य वाटतो. एकेका चित्रपटातला एकेक कट उकलून दाखवण्याऐवजी संकलकाच्या सबंध कारकिर्दीचा माग काढायचा. तो कोणाच्या हाताखाली शिकला, कोणाकोणाबरोबर बसला, कोणत्या प्रकारच्या चित्रपटातून कोणत्या प्रकारच्या चित्रपटात गेला, हे सगळे कागदोपत्री सापडते. आणि हा माग काढला की एक गोष्ट ठळकपणे पुढे येते, तीच या प्रस्तावनेत मला मांडायची आहे: दिग्दर्शकांच्या नावांनी लिहिलेला चित्रपटाचा इतिहास आणि संकलकांच्या वाटेने लिहिलेला इतिहास हे एकमेकांशी जुळत नाहीत. पहिल्यात ज्या भिंती दिसतात त्या दुसऱ्यात दारे होऊन जातात.

आधी शब्दाचा विचार करू. इंग्रजीत या कामाला कापणे म्हणतात, फ्रेंचमध्ये ‘मोंताज’ म्हणजे जुळवणी, एखादे यंत्र सुट्या भागांतून उभे करावे तशी. मराठीने ‘संकलन’ हा शब्द घेतला, आणि तो फार मोलाचा आहे. भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’त बेरजेला संकलित म्हणतात आणि वजाबाकीला व्यवकलित. म्हणजे आपल्या भाषेने हे काम पहिल्यापासून बेरजेच्या खात्यात टाकले आहे. बोलीत आपण ‘एडिटर’ आणि ‘कट’च म्हणतो, त्यालाही हरकत नाही. पण श्रेयनामावलीतला शब्द ‘संकलन’ हाच आहे आणि तो कामाच्या अधिक जवळ जातो. पस्तीस मिलिमीटरच्या फिल्ममध्ये एका फुटात सोळा चौकटी असतात, सेकंदाला चोवीस चौकटी जातात, मिनिटाला नव्वद फूट. ‘शोले’साठी सुमारे तीन लाख फूट फिल्म चित्रित झाली होती असे सांगितले जाते, पडद्यावर आली ती वीस हजार फुटांच्या आसपास. संकलक माधव एस. शिंदे यांनी त्यातून पावणेतीन लाखांच्या वर फूट बाजूला ठेवले हे खरे, पण केवळ बाजूला ठेवण्याने ‘शोले’ झाला नसता. उरलेल्या प्रत्येक फुटाला शेजारी कोण मिळाला यावर तो उभा आहे. झोपाळ्याची कुरकुर, ओसाड अंगण आणि गब्बरचे घोड्यावरून येणे यांची बेरीज प्रेक्षकाच्या पोटात गोळा आणते. तिघांपैकी एकटे कोणीही ते करू शकत नाही.

भारतात ही बेरीज सुरू झाली ती दादर भागातल्या एका घरात. १९१२ साली दादासाहेब फाळके लंडनहून विल्यमसन कॅमेरा आणि फिल्मला भोके पाडायचे यंत्र घेऊन आले. ३ मे १९१३ रोजी कोरोनेशन सिनेमात ‘राजा हरिश्चंद्र’ झळकला. त्या चित्रपटाच्या कोऱ्या फिल्मला अंधाऱ्या खोलीत बसून भोके पाडणे, ती धुणे, रसायने मिसळणे, उन्हात पांढऱ्या चादरी धरून उजेड परावर्तित करणे, आणि हे सगळे करून सगळ्या मंडळींचा स्वयंपाक करणे, ही कामे सरस्वतीबाई फाळके यांनी केली. फिल्म जोडण्याचे तंत्रही त्यांनी आत्मसात केले होते. ‘भारतातली पहिली संकलक’ असे त्यांना म्हटले जाते तेव्हा काही जणांना ते गौरवाचे अतिशयोक्त बोल वाटतात. मला तसे वाटत नाही, पण मला त्या बिरुदापेक्षा त्यामागची परिस्थिती अधिक लक्षणीय वाटते. फिल्मशी होणारा हाताचा संबंध घरकामाला जोडून आला. निवडणे, पाखडणे, शिवणे, सांधणे यांच्या रांगेत हेही एक काम. फ्रान्समध्ये नेमके हेच कारखान्याच्या पातळीवर घडले. पाथे आणि गोमाँ यांच्या कार्यशाळांत फिल्मचे तुकडे डिंकासारख्या द्रावणाने चिकटवायला आणि चौकटी रंगवायला बायका ठेवल्या जात. बोटे नाजूक, पगार कमी, हा त्यामागचा हिशेब. या चिकटवणाऱ्या बायकांतून पुढे संकलक घडल्या. आबेल गान्स यांच्या ‘ला रू’ आणि ‘नापोलेओं’मधला तो वेगवान, धडधडणारा संकलनाचा खेळ जगभर गाजला. त्या टेबलावर मार्गरीत बोझे बसल्या होत्या.

इथपर्यंत दोन्हीकडची गोष्ट सारखी चालते आणि इथूनच ती फुटते. फ्रान्समध्ये बायका संकलनाच्या खोलीत टिकल्या. काम हलके समजले गेले म्हणून त्यांना मिळाले, आणि काम जड आहे हे लोकांना उमगले तोवर ते त्यांचे झालेले होते. आपल्याकडे सरस्वतीबाईंनंतर ही खोली पुरुषांची झाली. स्टुडिओ उभे राहिले, तंत्रज्ञांची पगारी खाती झाली, शिकवणे गुरूकडून शिष्याकडे जाऊ लागले, आणि त्या काळात चित्रपटाच्या आवारात रात्री उशिरापर्यंत थांबणारी बाई नटी म्हणूनही समाजाला पचत नव्हती, मग तंत्रज्ञ म्हणून कुठून पचणार. दुर्गा खोटे आणि शांता आपटे पडद्यावर गाजत असताना प्रभातच्या कटिंग टेबलाकडे जाणारी वाट बायकांसाठी उघडलेली नव्हती. ही तुलना मी कोणाला कमी लेखायला करत नाही. एकाच कामाला एका देशात ‘बायकांचे’ आणि दुसऱ्या देशात ‘पुरुषांचे’ म्हटले गेले, याचा अर्थ त्या कामात मुळात असे काहीच नाही. ज्याच्या हाती ते पडले त्याचे ते झाले.

प्रभातचा विचार थोडा थांबून करायला हवा. १९२९ साली कोल्हापुरात स्थापन झालेली ही कंपनी १९३३ साली पुण्याला आली. तिथे १९३६ साली ‘संत तुकाराम’ तयार झाला. दामले-फत्तेलाल यांचे दिग्दर्शन, संकलन ए. आर. शेख यांचे. हा चित्रपट पुढच्या वर्षी व्हेनिसला गेला आणि तिथे त्याची खास दखल घेतली गेली. त्याच्या साधेपणाचे सगळे श्रेय पागनीस आणि गौरी यांच्या अभिनयाला दिले जाते. पण तो साधेपणा टेबलावरही सांभाळावा लागला आहे. तुकोबा अभंगात रंगलेले असताना घरातली चूल, जिजाईची तगमग आणि गावातली माणसे यांच्यात ये-जा होते, ती अशा बेताने की अभंगाची लय मोडत नाही आणि जिजाईचा संतापही चेष्टेवारी जात नाही. भजनात टाळ कुठे पडतो हे ज्याला कळते त्यालाच हे जमते. मराठी चित्रपटाच्या संकलनाचे जर काही स्वतःचे घराणे असेल, तर ते इथे आहे असे मला वाटते: शॉटची लांबी आधी कानाने मोजायची. हीच सवय पुढे राजकमलच्या ‘झनक झनक पायल बाजे’ आणि ‘नवरंग’मध्ये चिंतामणी बोरकर यांच्या कामात वेगळ्या, भडक रूपात दिसते.

स्टुडिओ मोडले आणि मुंबईत मोकळ्या बाजाराचा काळ आला. या काळातला संकलक कोणत्याही संस्थेत शिकलेला नव्हता. वामन भोसले हे त्याचे सर्वांत बोलके उदाहरण. गोव्यातल्या एका खेड्यातून १९५२ साली ते कामाच्या शोधात मुंबईला आले. बॉम्बे टॉकीजमध्ये डी. एन. पै यांच्या हाताखाली त्यांनी उमेदवारी केली, मग फिल्मिस्तानमध्ये सहायक म्हणून सुमारे बारा वर्षे काढली. राज खोसला यांच्या ‘दो रास्ते’ने त्यांना स्वतंत्र संकलक केले, आणि तिथून गुरुदत्त शिराळी यांच्या जोडीने त्यांनी दोनशेहून अधिक चित्रपटांवर काम केले. त्यांची यादी नीट पाहा. गुलजार यांचे ‘आँधी’ आणि ‘मौसम’, सुभाष घई यांचे ‘कालीचरण’, ‘कर्ज’, ‘हीरो’ आणि ‘सौदागर’, राज सिप्पी यांचा ‘इनकार’ (त्यासाठी राष्ट्रीय पुरस्कार), मुकुल आनंद यांचा ‘अग्निपथ’, विक्रम भट्ट यांचा ‘गुलाम’. समीक्षकांच्या कपाटात हे चित्रपट चार वेगवेगळ्या फळ्यांवर असतात. एका फळीवरच्या वाचकाने दुसऱ्या फळीकडे सहसा पाहू नये असा संकेत असतो. ‘आँधी’मधली भूतकाळात हळूच शिरणारी वळणे आणि ‘कर्ज’मधली पुनर्जन्माच्या आठवणींची झटके देणारी वळणे एकाच खोलीत, त्याच दोन माणसांनी घडवली. हे ध्यानात आले की ‘हळुवार’ आणि ‘मसाला’ ही विभागणी प्रेक्षकाच्या सोयीची आहे, कारागिराच्या नाही, हे मान्य करावे लागते. आठवणीचा एक शॉट किती काळ टिकला तर ओढ वाटते आणि किती आखडला तर धक्का बसतो, एवढाच प्रश्न दोन्हीकडे आहे.

फ्रान्समध्येही हेच दिसते आणि तिथे ते अधिक उघड आहे, कारण तिथल्या दिग्दर्शकांचे मतभेद छापून आलेले आहेत. १९४३ साली युद्धाच्या धामधुमीत पॅरिसमध्ये चित्रपटशिक्षणाची ‘इदेक’ ही संस्था निघाली (तीच १९८६ पासून ‘फेमिस’ झाली). अलाँ रने तिथे संकलन शिकले, आणि स्वतःचा पहिला पूर्ण लांबीचा कथापट करण्याआधी त्यांनी आन्येस वार्दा यांच्या पहिल्या चित्रपटाचे संकलन केले. त्यांच्या ‘हिरोशिमा मोनामूर’चे संकलन करणारे आंरी कोल्पी पुढे स्वतः दिग्दर्शक झाले आणि त्यांच्या चित्रपटाला १९६१ साली कान महोत्सवाचे सर्वोच्च पारितोषिक विभागून मिळाले. नव्या लाटेतल्या मंडळींनी मात्र ‘दिग्दर्शक हाच लेखक’ असा झेंडा उभारला, आणि त्यांचे आवडते समीक्षक आंद्रे बाझँ यांनी तर काही ठिकाणी संकलनाला बंदीच असावी असे लिहिले. गंमत अशी की याच लाटेची ओळख जगाला झाली ती एका संकलनाच्या खुणेने. गोदार यांचा ‘आ बू द सूफ्ल’ फार लांबला होता. अख्खे प्रसंग काढण्याऐवजी शॉटच्या आतलेच तुकडे काढायचे ठरले, आणि गाडीत बसलेल्या मुलीच्या चेहऱ्यावरून काळ उड्या मारत जाऊ लागला. टेबलावर होत्या सेसिल दक्युजी. मूळ चित्रपटात कोणाचेच श्रेय नाही, त्यामुळे त्यांचेही नाही. अल्जीरियाच्या स्वातंत्र्यलढ्यातल्या लोकांना मदत केल्याबद्दल १९६० साली त्यांना अटक झाली आणि त्या तुरुंगात गेल्या. सुटून आल्यावर त्यांनी एरिक रोमेर यांचे ‘मा न्युई शे मोद’ आणि ‘ल जनू द क्लेर’ संकलित केले. त्या चित्रपटांत माणसे बोलत राहतात आणि कट जणू दिसतच नाही. उड्या मारणारा काळ आणि संथ वाहणारा काळ, दोन्ही एकाच बाईच्या हातून आले. आन्येस गिय्यमो यांची वाट आणखी उद्‌बोधक आहे. गोदार यांचे ‘ल मेप्री’ आणि ‘आल्फाव्हिल’ त्यांनी केले, आणि त्रूफो यांचे ‘बेझे व्होले’ आणि ‘लांफां सोव्हाझ’ही. गोदार आणि त्रूफो यांच्यात पुढे कायमचे वितुष्ट आले. चित्रपटाच्या अभ्यासकांना आजही एकाची बाजू घ्यावीशी वाटते. गिय्यमो यांच्या कारकिर्दीत ते दोघे एकमेकांच्या शेजारी आहेत.

इथे एक आक्षेप येणार आणि तो खरा आहे. शेवटचा निर्णय दिग्दर्शकाचाच असतो. संकलक सुचवतो, दिग्दर्शक ठरवतो. मग चित्रपटाच्या बऱ्या-वाईटाचे धनीपण संकलकाला देणे म्हणजे एका नायकाच्या जागी दुसरा नायक बसवणे झाले. या आक्षेपातला अर्धा भाग मी स्वीकारतो. संकलकाला लेखकपद देण्याची मोहीम काढावी असे मला वाटत नाही, आणि या पुस्तकानेही ती काढलेली नाही. पण ‘ठरवणे’ हा शब्द आपण फार सैलपणे वापरतो. पाच पर्यायांपैकी एक निवडणे हे ठरवणे असेल, तर ते पाच पर्याय कोणी उभे केले हा प्रश्न आधी येतो. दिग्दर्शक चित्रीकरणाच्या आठवणी घेऊन खोलीत येतो: हा शॉट घ्यायला दिवस गेला, तो नट त्या दिवशी रुसला होता, ही टेकडी चढायला किती त्रास झाला. संकलकापाशी यातले काहीच नसते. जे फिल्मवर आहे तेवढेच त्याला दिसते, म्हणजे तो पहिला प्रेक्षक असतो, आणि दिग्दर्शकाला त्याची गरज नेमकी यासाठी असते. ‘पार्ती द कांपान्य’मध्ये ठरवणाराच हजर नव्हता, तरी चित्रपट झाला. उलट बाजूचे उदाहरणही घ्या. ‘शोले’चा मूळ शेवट आणीबाणीच्या दिवसांत सेन्सॉरने बदलायला लावला, ठाकूर गब्बरला ठार करतो त्याऐवजी पोलीस वेळेवर येतात. इथे ठरवणारा खोलीच्या बाहेर होता, कथेला अनोळखी होता, आणि तरीही तो शेवट प्रेक्षकाला उपरा वाटू नये ही जबाबदारी टेबलावर येऊन पडली. त्या वर्षीच्या फिल्मफेअर पुरस्कारांत ‘शोले’ला मिळालेला एकमेव पुरस्कार संकलनाचा होता. २०१२ साली शिंदे यांचे निधन झाले तेव्हा त्यांचे नाव पहिल्यांदाच ऐकणारे प्रेक्षक पुष्कळ होते. चित्रपट मात्र त्यांना तोंडपाठ होता.

प्रभातच्या आवाराकडे परत येऊ. कंपनी बंद पडल्यानंतर १९६० साली त्याच जागेत केंद्र सरकारची चित्रपटसंस्था सुरू झाली, आज आपण जिला एफटीआयआय म्हणतो. जिथे ‘संत तुकाराम’ जुळला तिथे संकलन हा वर्गात शिकवायचा विषय झाला, आणि त्याबरोबर गुरूच्या मर्जीवर अवलंबून असलेले दार प्रवेशपरीक्षेवर आले. बायका या खोलीत परत आल्या त्या या दाराने. रेणू सलुजा १९७६ साली तिथून बाहेर पडल्या आणि ‘जाने भी दो यारो’, ‘अर्धसत्य’, ‘पार्टी’, ‘परिंदा’, ‘बँडिट क्वीन’ असा त्यांचा प्रवास झाला. ‘परिंदा’, ‘धारावी’, ‘सरदार’ आणि ‘गॉडमदर’ या चित्रपटांसाठी चार राष्ट्रीय पुरस्कार त्यांना मिळाले. २००० साली, पन्नाशीही न गाठता, त्या गेल्या. त्या मराठी नव्हत्या, पण मराठी साहित्य पडद्यावर येताना ज्या हातांतून गेले त्यांत त्यांचे हात आहेत. ‘अर्धसत्य’ची कथा श्री. दा. पानवलकरांची आणि पटकथा तेंडुलकरांची, ‘पार्टी’ महेश एलकुंचवारांच्या नाटकावर. एलकुंचवारांच्या नाटकात एका दिवाणखान्यात माणसे बोलत राहतात. रंगमंचावर प्रेक्षक आपल्या डोळ्याने ज्याच्याकडे पाहायचे त्याच्याकडे पाहतो. चित्रपटात ते स्वातंत्र्य संकलकाकडे जाते. कोण बोलतो आहे यापेक्षा कोण ऐकतो आहे हे दाखवण्याचा मोह ‘पार्टी’त जिथे जिथे पुरा केला आहे तिथे तिथे नाटकातला ढोंगीपणाचा विषय अधिक धारदार झाला आहे. विदर्भाच्या वाचकासाठी आणखी एक नाव घेतो: नागपूरचे राजकुमार हिरानी. तेही पुण्याच्या या संस्थेत संकलनच शिकले, ‘मिशन कश्मीर’चे संकलन केले आणि मग ‘मुन्नाभाई एमबीबीएस’पासून दिग्दर्शक झाले. हृषीकेश मुखर्जीही बिमल रॉय यांच्या ‘दो बिघा जमीन’ आणि ‘मधुमती’च्या टेबलावरून आले होते. हसता हसता गळा दाटून येण्याची जी जागा या दोघांच्या चित्रपटांत वारंवार येते, ती संकलकाच्या शिकवणीची खूण आहे असे माझे मत आहे. विनोद एका चौकटीने उशिरा आला तर मरतो, आणि अश्रू एका चौकटीने लवकर आला तर खोटा पडतो.

दुसरा आक्षेप अधिक सूक्ष्म आहे. चांगले संकलन दिसत नाही. मग त्याच्यावर बोट ठेवून ते दिसायला लावणे हा प्रेक्षकाचा रसभंग नाही का? हा आक्षेप बहुधा रसिकांकडून येतो आणि तो प्रेमापोटी येतो. पण गाण्यात सम कुठे आहे हे कळल्याने कोणाचे गाणे बिघडल्याचे ऐकिवात नाही. उलट समेची जाण असलेला श्रोता गायकाबरोबर थोडा आधी श्वास रोखतो. गेल्या काही वर्षांतल्या मराठी चित्रपटांनी आपल्याला हा श्वास रोखायला शिकवले आहे. चैतन्य ताम्हाणे यांच्या ‘कोर्ट’मध्ये (संकलन रिखव देसाई) कॅमेरा हलत नाही आणि कट लवकर येत नाही; कोर्टातले कामकाज संपल्यावरही शॉट काही क्षण रेंगाळतो, आणि तेवढ्यात आपल्याला समजते की या खोलीतल्या कोणालाच घाई नाही, घाई आहे ती फक्त आरोपीला. न कापणे हाही संकलकाचा निर्णय असतो, हे यापेक्षा स्पष्ट कोणी दाखवलेले नाही. नागराज मंजुळे यांच्या ‘फँड्री’त (संकलन चंदन अरोरा) जब्याने भिरकावलेला दगड थेट आपल्याकडे येतो आणि चित्रपट तिथेच संपतो, आणखी दोन सेकंद पुढे गेला असता तर तो दगड कोणाला तरी लागला असता आणि आपण सुटलो असतो. ‘सैराट’मध्ये (संकलन कुतुब इनामदार) सगळा चित्रपट संगीताने दुथडी भरलेला आहे, आणि शेवटी रक्ताने माखलेल्या पावलांनी लेकरू बाहेर येते तेव्हा आवाजच काढून घेतलेला आहे. आधीचे अडीच तासांहून अधिक काळचे गाणे त्या शांततेचे भांडवल आहे. हे तीन चित्रपट पाहून भारावलेल्या हजारो तरुणांपैकी किती जणांना ही तीन नावे सांगता येतील?

तरुणांचा उल्लेख मुद्दाम केला, कारण या पुस्तकाची वेळ त्यांच्यामुळे आली आहे. १९८९ साली संगणकावर संकलन करण्याचे ‘अ‍ॅव्हिड’ हे साधन आले आणि फिल्म हातात धरण्याचे दिवस सरू लागले. आता तर संकलनाचे साधन प्रत्येकाच्या खिशात आहे. मोहाडी तालुक्यासारख्या ठिकाणी लग्नाच्या चित्रफितीचे ‘मिक्सिंग’ करणारे, झाडीपट्टीच्या नाटकांची आणि दंडारीची गाणी कापून मोबाइलवर चढवणारे, मंडईच्या दिवसांत रात्रंदिवस काम करणारे किती तरी हात आहेत. ते स्वतःला संकलक म्हणवत नाहीत. त्यांना कोणी सांगितलेले नाही की नवरीच्या चेहऱ्यावरून बापाच्या चेहऱ्यावर केव्हा जायचे हा ज्या प्रश्नाशी ते रात्री दोन वाजता झगडतात, तोच मार्गरीत रन्वार यांचाही प्रश्न होता. कोणी म्हणेल, फ्रान्समधल्या बायकांची चरित्रे वाचून मोहाडीच्या मुलाला काय मिळणार? मला वाटते, त्याला दोन गोष्टी मिळतील. एक म्हणजे पूर्वज. दुसरी म्हणजे भाषा: आपण काय करतो हे शब्दांत सांगता येणे, आणि ते सांगता आले म्हणजे गिऱ्हाइकाशी, दिग्दर्शकाशी, स्वतःशी वाद घालता येणे. याच तालुक्यात आंधळगाव आणि मोहाडीला कोसा विणला जातो. जुना ताणा संपत आला की त्याच्या टोकांना नव्या ताण्याचे धागे एकेक करून जोडावे लागतात. ते तासन्‌तास चालणारे काम झाल्याशिवाय करवतीचा काठ पुढे सरकत नाही, आणि साडी नेसणारीला त्या जोडांचा पत्ताही नसतो. पण विणकराच्या घरात त्या कामाला नाव आहे, त्याला लागणारा वेळ सगळ्यांना ठाऊक आहे, आणि ते कोणी चांगले करते याची गावात चर्चा होते. चित्रपटाच्या बाबतीत एवढी चर्चा मराठीत व्हावी, इतकीच या पुस्तकाची मागणी आहे.

त्यासाठी पुस्तकाने घेतलेली भूमिका थोडक्यात सांगतो. फ्रान्स आणि महाराष्ट्र यांच्या कारकिर्दी इथे शेजारी ठेवल्या आहेत; एकीवरून दुसरीला मापण्याचा हेतू नाही. फ्रान्समध्ये प्रशिक्षणार्थी, सहायक, मुख्य संकलक अशा पायऱ्या परवान्याने बांधलेल्या होत्या, आपल्याकडे त्या उमेदवारीने आणि नात्यागोत्याने ठरल्या. तिकडे मोनिक बोनो यांची मुलगी फ्रांस्वाझ बोनो आईच्या वाटेने जाऊन ‘झेड’साठी ऑस्कर घेते, इकडे वामन भोसले पै यांच्याकडून शिकतात आणि पुढे कित्येकांना शिकवतात. या दोन रचनांनी दोन वेगळ्या प्रकारचे संकलक घडवले का, की काम शेवटी सगळ्यांना सारखेच करून टाकते, हा प्रश्न पुस्तकात पुन्हा पुन्हा येतो आणि त्याला दर वेळी सारखे उत्तर मिळत नाही. माहितीपटांचे संकलक इथे थोडे मागे राहिले आहेत. १९४८ पासून फिल्म्स डिव्हिजनमध्ये पिढ्यान्‌पिढ्या काम केलेल्या लोकांवर स्वतंत्र ग्रंथ व्हायला हवा. इथे त्यांना ओझरता न्याय देण्यापेक्षा ती जागा मोकळी ठेवली हे बरे झाले. ध्वनीच्या जोडणीबद्दलही जेवढे हवे तेवढे नाही. जे आहे ते मात्र चित्रपट समोर ठेवून वाचायचे आहे. वाचकाने आधी ‘संत तुकाराम’ लावावा, अभंग सुरू झाला की डोळे मिटावेत, आणि जिजाईचा आवाज नेमका कोणत्या मात्रेवर आत येतो ते ऐकावे. मग पहिले पान उघडावे.

मोहाडी, जि. भंडारा